कॅमेरा भाड्याचा, आवाज फुकटचा?

प्रश्न : कोकणातल्या एका कौलारू घरात 12 दिवसांत सिनेमाचं शूटिंग उरकायचं आहे. कलाकार गावातलेच, हौशी. पैसे बेताचे. म्हणून भारी कॅमेरा भाड्याने घ्यावा, आवाज त्याच्यावरच घ्यावा आणि पुढे डबिंग करावं, असं ठरतंय. चालेल का?

उत्तर : उलटं करा. कॅमेरा एक पायरी खालचा घ्या आणि वाचलेल्या पैशांत साउंड रेकॉर्डिस्ट, बूम (लांब दांडीवरचा माइक) धरणारा माणूस आणि कपड्यांना लावायचे दोन लेपल माइक बसवा. हौशी कलाकारांना डबिंग क्वचितच जमतं. अंगणात सहज बोललेलं वाक्य स्टुडिओत ओठांशी जुळवून बोलायला लावलं, की तोच माणूस शाळेतली कविता म्हणायला लागतो. शिवाय पावलं, भांडी, दाराची कडी हे सगळे आवाज नव्याने करावे लागतात, त्याचं बिल वेगळं.

रेकॉर्डिंग 48 किलोहर्ट्झ, 24 बिटवर ठेवा. नेहमीचं बोलणं रेकॉर्डरच्या मीटरवर उणे 20 ते उणे 12 डेसिबलमध्ये बसवा; शून्यापलीकडे आवाज फाटतो. आरडाओरड्याच्या सीनची पातळी तालमीतच ठरवा. फाटलेला आवाज नीट शिवता येत नाही. लेपलला मंगळसूत्र घासत नाही ना, हे हेडफोन लावून तपासा. पंखा बंद, फ्रिजही बंद. तो परत चालू करायला हमखास विसरतात, म्हणून गाडीची किल्ली फ्रिजमध्येच ठेवा! कौलांवरचा पाऊस मात्र बंद होत नाही, तेव्हा पावसाळा टाळाच. जागा बघायला शूटिंगच्याच वेळेला जा आणि पाच मिनिटं डोळे मिटून बसा. शेजारची गिरण, विहिरीवरचा पंप, सगळं कळेल.

प्रत्येक खोलीत, युनिट जागेवर असतानाच, एक मिनिट नुसती शांतता रेकॉर्ड करा. हा रूम टोन. एडिटिंगमध्ये दोन टेकच्या सांध्याला ठिगळ लावायला तोच लागतो. बिघडलेलं वाक्य तिथल्या तिथे, कॅमेरा बंद करून, दोन-तीनदा म्हणवून घ्या.

प्रश्न : काही शॉट मोबाइलवर घेतले. सुरुवातीला वाजवलेल्या क्लॅपच्या फळीवर चित्र-आवाज जुळवूनही लांब टेकच्या शेवटी ओठ आणि आवाज सुटतात. बल्बच्या उजेडात चित्रात पट्टेही सरकतात.

उत्तर : मोबाइलच्या नेहमीच्या कॅमेरा ॲपमध्ये फ्रेम रेट, म्हणजे सेकंदाला किती चित्रं टिपली जातात तो आकडा, बहुधा खालीवर होतो. तो 24 किंवा 25 वर पक्का करता येईल असं ॲप घ्या. झालेल्या फायली एडिटिंगआधी स्थिर फ्रेम रेटमध्ये बदलून घ्या. पट्टे विजेचे. आपली वीज 50 हर्ट्झची, त्यामुळे दिवा सेकंदाला 100 वेळा लुकलुकतो. शटर (एक चित्र टिपायचा वेळ) ऑटोवर न ठेवता 1/50 सेकंद करा. डिमरवरचे स्वस्त एलईडी त्यानेही ऐकत नाहीत. ते बल्बच बदला.