वाळूतलं तेल, विहिरीवरचा दोर

सुविचाराचा फळा, लग्नाचं भेटकार्ड, दुकानाची पाटी अशा ठिकाणी लिहायच्या वचनांबद्दल बरीच पत्रं आली आहेत. त्यातल्या निवडक प्रश्नांची ही उत्तरं.

प्रश्न : शाळेत सुविचाराचा फळा माझ्याकडे आहे. मी 'प्रयत्ने वाळूचे कण रगडिता तेलही गळे – समर्थ रामदास' असं लिहिलं. सहकारी म्हणतात, हे रामदासांचं नाही. मग कोणाचं? आणि परीक्षेच्या दिवसांत चिकाटीवर दुसरं काय लिहावं?

सहकारी बरोबर आहेत. ओळ वामन पंडितांची आहे. भर्तृहरीच्या नीतिशतकातला श्लोक त्यांनी मराठीत आणला. अडचण नावापेक्षा मोठी आहे, कारण श्लोकाचा अर्थच उलटा आहे. वाळू रगडून तेल निघेल, मृगजळ पिऊन तहान भागेल, रानात फिरता फिरता सशाचं शिंगही सापडेल, 'परंतु मूर्खाचे हृदय धरवेना क्षणभरी'. म्हणजे अशक्य गोष्टी एक वेळ घडतील, पण हटवादी मूर्खाची समजूत घालता येणार नाही. पहिली ओळ तेवढी सुटी होऊन फळ्यावर आली आणि उत्साहाचं वचन बनली. तिला आता फळ्यावरून कोणी हटवू शकणार नाही, पण नववीतल्या एखाद्या चौकस मुलाने पुढच्या ओळी विचारल्या तर उत्तर तयार हवं.

लिहायचीच असेल तर 'तेलही' नव्हे, 'तेलहि' लिहा. हे शिखरिणी वृत्त आहे, चरणात १७ अक्षरं. 'हि' तिथे लघु लागतो. ओळ तोडायची तर सहाव्या अक्षरानंतर : 'प्रयत्ने वाळूचे' वर आणि 'कण रगडिता तेलहि गळे' खाली. एरवी फळ्यावर जागा संपते तिथे ओळ तुटते आणि मुलं ती अडखळत वाचतात.

आमची पसंती तुकोबांना : 'ओले मूळ भेदी खडकाचे अंग । अभ्यासासी सांग कार्यसिद्धि'. इथे दोन शब्द आधी समजावून द्यावे लागतील. 'सांग' म्हणजे 'मला सांग' मधलं सांग नव्हे. स-अंग, सर्व अंगांसह, पूर्ण असा त्याचा अर्थ. आणि 'अभ्यास' म्हणजे गृहपाठ नव्हे, पुन्हा पुन्हा करत राहणं. 'ओले' या शब्दावरही थांबा. वाळकं मूळ खडकाचं काही करू शकत नाही. ते जिवंत असेल, त्याला पाणी मिळत असेल, तरच ते फटीत शिरतं आणि जाड होत होत दगड फोडतं. रात्र रात्र जागणाऱ्या मुलांना हा भाग सांगण्यासारखा आहे.

त्याच अभंगात पुढे 'दोरे चिरा कापे पडिला कांचणी' आहे. जुन्या विहिरीच्या काठच्या दगडावर दोराने पडलेली खाच गावाकडच्या मुलांनी पाहिलेली असते. सुताचा मऊ दोर, पण रोज त्याच जागी घासला जातो. 'टाकीचे घाव सोसल्याशिवाय देवपण येत नाही' हेही चालेल. फक्त टाकी म्हणजे पाथरवटाची छिन्नी, हे आधी सांगा. नाहीतर अर्धा वर्ग गच्चीवरची पाण्याची टाकी डोळ्यांसमोर आणतो.

अक्षराच्या आकाराचा साधा हिशोब असा : वाचणारा दर १० फूट लांब असेल त्याला एक इंच उंची. २५ फुटांवरून वाचायचं तर अडीच-तीन इंच. वेलांट्या आणि उकार एकमेकांत अडकू नयेत म्हणून दोन ओळींत निदान एका अक्षराच्या उंचीइतकी जागा सोडा.

प्रश्न : 'केल्याने होत आहे रे' मनाच्या श्लोकांत आणि 'असाध्य ते साध्य' गाथेत शोधलं. दोन्ही सापडलं नाही. वचन कोणाचं, हे घरच्या घरी कसं तपासावं?

बोटांवर अक्षरं मोजा. जोडाक्षर एकच धरायचं. मनाच्या श्लोकांचं वृत्त भुजंगप्रयात, चरणाला १२ अक्षरं : 'मना सज्जना भक्तिपंथेचि जावे'. 'केल्याने होत आहे रे' मध्ये आठच भरतात, 'आधी केलेचि पाहिजे' मध्येही आठ. वचन रामदासांचंच आहे, पण ते मनाच्या श्लोकांतलं असूच शकत नाही. २०५ श्लोक चाळण्याचे श्रम वाचले.

'असाध्य ते साध्य । करिता सायास । कारण अभ्यास । तुका म्हणे' याची मोजणी ६, ६, ६, ४ अशी येते. हा मोठ्या अभंगाचा साचा. म्हणजे ओळ अभंगाची वाटते, आणि ती आहेही. सापडली नाही कारण गाथेची सूची अभंगाच्या पहिल्या ओळीवरून लावलेली असते आणि ही शेवटची ओळ आहे. 'स' खाली 'साधुनी बचनाग खाती तोळा तोळा' पाहा. बचनाग हे जहाल विष. सवय केलेले लोक ते तोळा तोळा खातात, इतरांना तर ते डोळ्यांनी पाहवतही नाही, असं तुकोबा सांगतात. पुढे हातात साप धरणारेही येतात. शेवटची ओळ फळ्यावर जरूर लिहा, बचनाग मात्र गाथेतच राहू द्या.

अक्षरं जुळली म्हणजे नाव सिद्ध झालं असं नाही. मोजणीने चुकीचं नाव बाद होतं, एवढंच. नाव सापडलं नाही तर वचन बिननावाचं लिहा. 'उठा, जागे व्हा' खाली विवेकानंदांचं नाव चालतं, कारण ती हाक घरोघरी त्यांनी पोचवली. पण मूळ कठोपनिषदात 'ध्येय गाठेपर्यंत थांबू नका' नाही. तिथे 'श्रेष्ठांकडे जा आणि जाणून घ्या' असं आहे.

प्रश्न : मैत्रीण पन्नाशीत दुसरं लग्न करते आहे. कार्डावर प्रेमाबद्दल चांगलं काय लिहावं?

म्हणींचं पुस्तक उघडू नका. आपल्या म्हणींना लग्न दिसलं की चिमटा काढायचा असतो : उतावळा नवरा, नव्याचे नऊ दिवस, लग्न पाहावे करून. 'उशिरा का होईना', 'दुसरी इनिंग', 'नवा डाव' हेही नको. हे शब्द आधीच्या लग्नाची आठवण करून देतात आणि कार्ड वाचणारे सगळे मनात मोजायला लागतात.

'नांदा सौख्यभरे' जुनं आहे, पण कितवं लग्न हे ते विचारत नाही. थोडं वेगळं हवं तर पसायदानातलं 'परस्परें पडो मैत्र जीवाचें' घ्या. पन्नाशीतल्या दोघांना संसारापेक्षा 'मैत्र' हा शब्द जवळचा वाटेल. आधीचं 'भूतां' गाळा. तिथे भूत म्हणजे प्राणिमात्र, पण मांडवात कोणीतरी हसणारच. त्याच्या आधी 'खळांची व्यंकटी', म्हणजे दुष्टांचा वाकडेपणा आहे, तिकडे तर जाऊच नका.

प्रश्न : घटस्फोटानंतर सावरणाऱ्या बहिणीला 'आधी हाताला चटके' पाठवावं का?

नको. बहिणाबाईंचं ते गाणं संसार करणाऱ्या बाईचं आहे : चटके सोस, मग भाकर मिळेल. तुमच्या बहिणीने चटके सोसले आणि ती चुलीपासून उठली. तिला हे वचन 'आणखी थोडं सोसायला हवं होतंस' असं ऐकू येईल. या वेळी वचनापेक्षा 'शनिवारी सहा वाजता डबा घेऊन येते, चालेल का?' हा निरोप जास्त उपयोगाचा.

प्रश्न : आजारपणामुळे आठ महिने बंद असलेलं दुकान उघडतो आहे. पाटीवर 'पुनश्च हरि ॐ' बरोबर होईल का?

अगदी बरोबर. वेदपठणाच्या सुरुवातीला 'हरिः ॐ' म्हणतात. पठण खंडित झालं तर पुन्हा म्हणून पुढे जातात. म्हणजे हे अगदी नव्या कामाचं वचन नव्हे, थांबलेलं पुढे नेण्याचं आहे. राजद्रोहाची शिक्षा भोगून आल्यावर टिळकांनी १८९९ मध्ये केसरीत याच मथळ्याखाली लिहिलं. २०२० मध्ये टाळेबंदी शिथिल होताना हे शब्द राज्यभर पुन्हा ऐकू आले. जागा, माल, धंदा सगळंच नवं असतं तर 'श्रीगणेशा' शोभला असता.

रंगाऱ्याला कागदावर लिहूनच द्या, 'पुनश्च' मधला 'श्च' हमखास बिघडतो. 'पुन्हा पुनश्च' लिहू नका. आणि त्याखाली तेवढ्याच मोठ्या अक्षरात दुकानाची वेळ घाला. आठ महिन्यांत गिऱ्हाइकाची सवय मोडलेली असते. दुकान उघडलं हे पाटीवरून कळेल, पण किती वाजता यायचं हे त्याला नव्याने सांगावं लागेल.