सोव्हिएत संघात १५ ऐवजी १६ प्रजासत्ताकं कधी होती का?

हो, १९४० ते १९५६ या काळात होती. सोळावं म्हणजे कारेलो-फिनिश प्रजासत्ताक, राजधानी पेट्रोझावोद्स्क. हिवाळी युद्धात (१९३९-४० चं सोव्हिएत-फिनलंड युद्ध) फिनलंडकडून घेतलेला बराचसा मुलूख शेजारच्या सोव्हिएत कारेलिया प्रांताला जोडून मार्च १९४० मध्ये ते उभं केलं. पण त्या मुलखातली चार लाखांवर माणसं चालू घरं तशीच टाकून फिनलंडला निघून गेली होती. म्हणजे नावात फिनिश, आणि वस्ती बहुतांशी रशियन! मला यातली हीच गोष्ट सगळ्यात जास्त लागते. जुलै १९५६ मध्ये दर्जा उतरवून ते रशियन प्रजासत्ताकात घातलं. मॉस्कोत १९५४ सालचं ‘लोकमैत्री’ कारंजं आहे, त्याच्याभोवती एकेका प्रजासत्ताकाचा एकेक असे सोनेरी मुलाम्याचे स्त्रियांचे पुतळे आहेत, ते मोजा. आजही १६ भरतात.