उशिरा दाखल केलेले अपील मागे घेतल्यास कोर्ट फी परत मिळते का?

ऐरोलीहून आपण विचारले आहे की, मुदतीनंतर 50 दिवसांनी जिल्हा न्यायालयात दाखल केलेले अपील विलंब माफीच्या अर्जासह मागे घेतले, तर भरलेली कोर्ट फी परत मिळेल का. माझ्या मते नुसते मागे घेतल्याने हक्काने काहीही मिळत नाही, आणि हे मी स्वतःचे पैसे घालवून शिकलो आहे.

आमच्या नौपाड्यातील घराच्या दुरुस्तीच्या बिलावरून कंत्राटदाराने लावलेल्या दाव्यात हुकूमनामा आमच्याविरुद्ध झाला. थोरल्या बंधूंनी सरकारी नोकरीत तीस वर्षे फायली हाताळलेल्या असल्याने अपिलासाठी लागणारी हुकूमनाम्याची प्रमाणित नक्कल काढण्याचे काम त्यांनी स्वतःकडे घेतले. अपील दाखल करताना मुदत संपून 41 दिवस झाले होते. पुढे कंत्राटदार व्याज सोडायला तयार झाला, आमच्याच ओटीवर चहा घेताना साध्या कागदावर सह्या झाल्या आणि मी आनंदाच्या भरात ठाण्याच्या कोर्टात ‘अपील चालवायचे नाही’ एवढीच पुरसीस, म्हणजे कोर्टाला द्यायचे लेखी निवेदन, देऊन मोकळा झालो. नंतर फी परत मागितली, तेव्हा रोजनाम्यात, म्हणजे कोर्टाच्या कामकाजाच्या नोंदीत, तडजोडीचा एक शब्दही नसल्याने अर्ज नामंजूर झाला, आणि तो योग्यच होता.

महाराष्ट्र न्यायालय फी अधिनियमाच्या कलम 43 प्रमाणे अपील परिणामकारक सुनावणीस पुकारले जाण्यापूर्वी पक्षकारांच्या सहमतीने मिटले, तरच निम्मी फी परत मिळते. अपील मागे घेणे आणि अपील मिटणे या दोन निराळ्या गोष्टी आहेत. म्हणून समोरच्याशी खरोखर बोलणे झाले असेल, तर दोघांच्या आणि दोन्ही वकिलांच्या सह्यांची तडजोड पुरसीस द्या, तिच्यातच फी परताव्याची विनंती लिहा आणि तसा आदेश मागून घ्या. लोकअदालतीत तडजोड नोंदवता आली तर त्याहून चांगले, कारण तिथे पूर्ण फी परत मिळते.

बंधू आजही म्हणतात, ‘नकलेला उशीर झाला म्हणून अपील लांबले, आणि तू घाई केलीस म्हणून फी गेली.’ दुसरे खरे आहे, पहिले नाही. मुदत कायद्याच्या कलम 12 प्रमाणे नक्कल मिळण्यास लागलेला काळ मुदतीतून वगळला जातो, परंतु अर्ज करण्याआधी घरी बसून घालवलेले दिवस त्यात येत नाहीत, आणि आमचा अर्जच 30 दिवस उलटल्यावर गेला होता. अपील वेळेत असते तर कंत्राटदाराने कदाचित आधीच नमते घेतले असते, असे माझे मत आहे, बंधूंचे नाही.

एक सावधगिरी आधीच सांगायला हवी होती. तडजोड नसतानाही दिवाणी प्रक्रिया संहितेच्या कलम 151 खालील न्यायालयाच्या अंगभूत अधिकारात परतावा मागता येतो, पण तो न्यायालयाच्या मर्जीवर असतो, हक्काचा नव्हे. शिवाय एकदा मागे घेतल्यावर पुन्हा अपील करायचे म्हटले तर विलंब आणखी वाढलेला असेल आणि दरम्यान खालच्या कोर्टाचा हुकूमनामा कायम राहील. आपली विलंब माफी अद्याप मंजूर झालेली नसल्याने पुरसीस देण्यापूर्वी वकिलांना हे सर्व विचारा, आणि नकलेच्या अर्जाची पावतीही सोबत न्या. आमची पावती मी अजून जपून ठेवली आहे. तारीख तिच्यावर स्पष्ट वाचता येते.