वाचकांचे प्रश्न : प्रबंध, परीक्षा आणि पॅड

प्रश्न : पीएच.डी. करतोय आणि विद्यापीठाच्या क्रिकेट संघातही आहे. मार्गदर्शक म्हणतात, दोन्ही होणार नाही. कोणाला जमलंय का?

उत्तर : जमलंय, पण फुकट नाही. प्रा. दि. ब. देवधर पुण्याच्या स. प. महाविद्यालयात संस्कृत शिकवत, आणि त्यांच्याच नेतृत्वाखाली महाराष्ट्राने १९३९-४० व १९४०-४१ असा लागोपाठ दोनदा रणजी करंडक जिंकला. तेव्हा ते पन्नाशीला टेकले होते! मात्र स्पर्धा बाद पद्धतीची होती, हंगामात सामने मोजकेच. केंब्रिज विद्यापीठाकडून खेळलेले इंग्लंडचे फलंदाज माइक ब्रिअर्ली न्यूकॅसलला तत्त्वज्ञान शिकवू लागले तेव्हा त्यांचं काउंटी (तिथल्या परगण्यांच्या संघांचं) क्रिकेट आक्रसलं. मिडलसेक्स काउंटीचं कर्णधारपद १९७१ मध्ये मिळालं, कसोटी पदार्पण १९७६ मध्ये, वयाच्या ३४व्या वर्षी.

मार्गदर्शकांना ‘वेळ काढेन’ असं मोघम सांगू नका. सामन्यांच्या तारखा सत्राच्या सुरुवातीलाच त्यांच्या हातात द्या. वाचन, आकडेवारीचं विश्लेषण, मसुदा तपासणं दौऱ्यावर होतं. प्रयोग, क्षेत्रभेटी, तास घेणं होत नाही. ही न हलणारी कामं आधी वेळापत्रकात बसवा. पॅव्हेलियनमध्ये प्रकरण लिहून होईल, ही आशा सोडा. पुढचा फलंदाज म्हणून पॅड बांधलेत की वाचनही बंद : बाहेर बसून डोळे उजेडाला सरावू द्यावे लागतात, आणि विकेट पडल्यापासून नियमानुसार तीन मिनिटांत चेंडू खेळायला तयार असावं लागतं.

प्रश्न : मध्यमगती गोलंदाज आहे. परीक्षेमुळे महिनाभर सराव बंद होता. आता पूर्ण षटकं टाकतोय आणि कंबर दुखते.

उत्तर : आधी गोलंदाजी थांबवा. दम आणि पाय लवकर परत येतात, कमरेच्या मणक्याचं हाड ताणाला सावकाश सरावतं; म्हणून महिनाभर शून्य आणि मग एकदम पंधरा षटकं हे सर्वांत वाईट. उजव्या हाताने टाकत असाल, दुखणं कमरेच्या डाव्या बाजूला असेल आणि डाव्या पायावर उभं राहून मागे वाकताना वाढत असेल, तर हाडाला सूक्ष्म तडा गेल्याची शंका घ्यावी. साध्या एक्स-रेत तो सुरुवातीला बऱ्याचदा दिसत नाही, एमआरआयबद्दल डॉक्टरांना विचारा. तडा असेल तर काही महिने गोलंदाजी बंद. नसेल तर डॉक्टरांच्या परवानगीने एक दिवसाआड तीन षटकांपासून सुरुवात करा आणि चारेक आठवड्यांत पूर्ण भारावर या.

पुढच्या परीक्षेत खंडच पडू देऊ नका. आठवड्यातून दोनदा चार षटकं, म्हणजे २४ चेंडू. वॉर्मअप धरून पाऊण तासात आटपतं.

प्रश्न : झेल घेताना चेंडू बोटाच्या टोकावर बसला. शेवटचं पेर खाली झुकलंय, सरळ होत नाही. दोन आठवड्यांवर लेखी परीक्षा आहे.

उत्तर : पेर सरळ करणारा स्नायुबंध तुटलाय, किंवा हाडाचा तुकडा घेऊन सुटलाय. आजच एक्स-रे काढा. बहुतेकदा स्प्लिंट (पेर सरळ धरून ठेवणारी पट्टी) पुरतो, पण सहा ते आठ आठवडे, झोपेतही. बोट धुताना टोक टेबलावर टेकवून सरळ धरा. एकदा जरी वाकलं तरी मोजणी पुन्हा पहिल्यापासून. उपचार इथेच फसतो. मधलं पेर मोकळं ठेवायचं असल्याने टंकलेखन जमतं. लिहिण्याच्याच हाताचं बोट असेल तर वैद्यकीय प्रमाणपत्र जोडून लेखनिकासाठी परीक्षा विभागाकडे याच आठवड्यात अर्ज करा.