वाचकांचे प्रश्न : भिंतीविना वसाहत

प्रश्न : लातूरजवळ आमची २ एकर काळी जमीन आहे. लंडनच्या हॅम्पस्टेड गार्डन सबर्बसारखी, घरांना कुंपणभिंती नसलेली वसाहत तिथे करता येईल का? घरे किती बसवावीत?

उत्तर : हेन्रिएटा बार्नेट यांनी ती वसाहत १९०७ मध्ये वसवायला घेतली. आराखडा रेमंड अन्विन आणि बॅरी पार्कर यांचा. मधल्या चौकातली दोन चर्च एडविन लट्यन्सची, म्हणजे नवी दिल्ली आखणाऱ्या वास्तुकाराचीच. पण तिथली मोकळीक टिकली ती नियमांमुळे. १९०६ च्या कायद्यानेच ठरवून टाकले होते की सरासरी एकरी ८ च्या वर घरे नकोत आणि रस्त्यापलीकडच्या घरांत किमान ५० फूट अंतर हवे.

एकरी ८ म्हणजे घरामागे ५ गुंठे, पण रस्ता आणि मैदान धरून. तुमच्या ८० गुंठ्यांत ९ मीटर रुंद, १३५ मीटर लांब रस्त्याला १२ गुंठे जातील. मैदानाला ८ सोडा. मग १६ प्लॉटना प्रत्येकी पावणेचार गुंठे उरतात. मैदान मात्र कुणाला नको असलेल्या वाकड्या कोपऱ्यात ढकलू नका, आपल्याकडच्या लेआउटचे ते जुने दुखणे आहे. घरांची दारे मैदानाकडे असली तरच त्याच्यावर लक्ष राहते. रस्ता एका बाजूने बंद असेल तर टोकाला पाण्याचा टँकर वळला पाहिजे.

कुंपणाला मेंदी लावा; कमी पाण्यावर तग धरते. दीड फूट रुंद, दीड फूट खोल चर घ्या. काढलेल्या मातीत मुरूम आणि कुजलेले शेणखत मिसळूनच तो भरा. नुसती काळी माती पावसात पाणी धरून मुळे कुजवते, उन्हाळ्यात भेगाळून ती तोडते. पावसाने जमीन ओली झाली की एकेक फुटावर, दोन ओळींत तिरकस लावणी करा. रोपे गुडघ्याला लागली की निम्म्यावर छाटा. इथेच हात आखडतो, आणि मग मेंदी वर वाढून बुडाशी उघडी पडते; त्या फटीतून शेळ्या आत. पुढची प्रत्येक छाटणी तळ रुंद, माथा अरुंद अशी करा, म्हणजे खालच्या पानांना ऊन मिळते.

आणि हे सगळे खरेदीखतात लिहा. एकाने भिंत घातली की वर्षभरात सगळे घालतात. हॅम्पस्टेडमध्ये आजही वसाहतीवर देखरेख करणाऱ्या ट्रस्टच्या परवानगीशिवाय घराचे बाह्यरूप बदलता येत नाही.

प्रश्न : छपरे तिथल्यासारखी उतरती, लाल कौलांची करावीत की आपले सपाट, मातीचे माळवद?

उत्तर : कौले चालतील, पण खाली छत घातले नाही तर मे महिन्यात घर तापेल. जुन्या पद्धतीचे माळवद नकोच. दीड फूट मातीचा भार चौरस मीटरला ८०० किलोच्या आसपास जातो. गळती थांबवायला दर उन्हाळ्यात नवा थर पडतो तो वेगळाच, आणि भिंतीतली तुळयांची टोके कुजलेली वरून दिसत नाहीत. ३० सप्टेंबर १९९३ च्या किल्लारी भूकंपात मातीत रचलेल्या दगडी भिंती आणि ही जड छपरेच माणसांवर कोसळली. गारवा हवा असेल तर काँक्रीट स्लॅबवर वॉटरप्रूफिंग करून पांढऱ्या चिनीमातीच्या तुकड्यांची फरशी बसवा, आणि पाणी निघायला मीटरला किमान १ सेंटिमीटर उतार ठेवा.