मास्तर परत येतील का?

गेल्या अंकात मायनक्राफ्ट या ठोकळ्यांच्या कॉम्प्युटर-खेळात पक्कं घर कसं बांधायचं ते लिहिलं होतं. त्यावर पत्रं आली ती घराबद्दल कमी आणि गावकऱ्यांबद्दल जास्त. मला फार बरं वाटलं. लातुरात माझ्या ओसरीत तीन कॉम्प्युटर आहेत, शाळा सुटल्यावर गल्लीतली पोरं येऊन बसतात, आणि मी रोज बघते की त्यांचा जीव हिऱ्यांपेक्षा त्या लांब नाकाच्या व्हिलेजरांत अडकलेला असतो. म्हणून या वेळची सगळी जागा त्यांनाच.

अक्का, मी अंबाजोगाईहून लिहिते. माझा नातू नऊ वर्षांचा आहे. त्याच्या मोबाइलमधल्या गावात एक पुस्तकवाला होता, त्याला तो 'मास्तर' म्हणायचा. परवा रात्री झोंबी, म्हणजे तिथलं चालतं मढं, त्याला चावला. आता मास्तर हिरवा पडलाय, कण्हत हिंडूलालाय, आणि पोरगं दोन दिस झालं नीट जेवेना. त्याची आई म्हणते, खेळच आहे, दुसरा घे. मला त्यातलं काही कळत नाही, पण दुसऱ्यानं ह्याचं समाधान व्हायचं नाही. तो परत माणूस होतो का? सोपं करून सांगा, मी वाचून दाखवीन.

आजी, होतो. आधी एवढं त्याला सांगा आणि जेवायला बसवा, पुढचं ताट संपल्यावर वाचा.

नातवाचं म्हणणं रास्त आहे. व्हिलेजरशी देवघेव करत गेलं की तो एकेक पायरी चढतो, नवी पुस्तकं विकायला काढतो. तो गेला की एवढ्या दिवसांची ओळख गेली, नवा येईल तो पहिल्या पायरीवरचा. पण झोंबी झाला तरी मास्तरांचा वेश जात नाही. डोक्यावरचं पुस्तक तसंच राहतं, त्यावरूनच ओळखायचं. बरे झाले की तेच मास्तर, तीच पुस्तकं, आणि नातवाला पूर्वीपेक्षा स्वस्तात देतील. ज्यानं बरं केलं त्याची ते जाण ठेवतात.

बाळा, आता तू ऐक. पहिलं काम म्हणजे त्यांना उन्हातून वाचव. दिवस उजाडला की झोंबी जळतो, मास्तरही जळतील. होडी करून त्यांच्या वाटेत ठेव, ते तिच्यात अडकून बसतात. मग वर छप्पर घाल आणि चारी बाजूंनी दोन-दोन ब्लॉकची भिंत उभी कर. फार जवळ जाऊ नकोस, होडीत बसूनही ते मारतात. नेम टॅग, म्हणजे नावाची चिठ्ठी, असेल तर लाव, म्हणजे तू लांब गेलास तरी ते गायब होणार नाहीत.

आणि गावात आयर्न गोलेम, म्हणजे गाव राखणारा लोखंडी पुतळा, असेल तर त्याच्यापासून मास्तरांना लपव. हे मी कळकळीनं सांगते. मागच्या उन्हाळ्यात आमच्या ओसरीतल्या पोरांनी झोंबी झालेला एक लोहार मोठ्या कष्टानं गावाच्या कडेला आणून बांधला. औषध तयार, सफरचंद हातात, आणि मागून गोलेम आला. त्याला लोहार दिसला नाही, झोंबी दिसला. दोन फटक्यांत खेळ संपला. सगळी पोरं गप्प झाली. त्यातली एक मुलगी उठून दारात जाऊन उभी राहिली, तिला हाक मारायचंही मला सुचलं नाही. तेव्हापासून आमचा नियम आहे: आजारी माणसाची खोली गावाबाहेर, बंद भिंतींची.

औषध दोन गोष्टींचं. एक गोल्डन ॲपल: मध्ये साधं सफरचंद, भोवती सोन्याच्या 8 विटा. सफरचंद ओकच्या पानांतून पडतं. दुसरं स्प्लॅश पोशन ऑफ वीकनेस, म्हणजे अशक्तपणा आणणारं, फेकायचं औषध, यालाच मेहनत. कोळ्याचा डोळा, तपकिरी मशरूम आणि साखर एकत्र केली की फर्मेंटेड स्पायडर आय होतो. पाण्याच्या बाटल्या ब्रूइंग स्टँडवर, म्हणजे औषधं करायच्या घोडीवर, लाव, वरून तो डोळा टाक, वीकनेस तयार. इतर औषधांना लागतं ते नेदर वार्ट इथे लागत नाही. पुष्कळ पोरं उगाच ते शोधत बसतात. मग गनपावडर टाक, म्हणजे बाटली फेकता येते. स्टँडच्या चुलीला ब्लेझ पावडर लागते आणि ती नेदर म्हणजे खेळातल्या पाताळातूनच आणावी लागते. तिथे एकट्यानं जाऊ नकोस, मोठ्या भावाला नाहीतर मित्राला सोबत घे. तोवर मास्तर थांबतात. भिंत पक्की असली की घाई नाही.

सगळं जमलं की आधी बाटली फेक. मग लगेच, औषध अंगात आहे तोवर, सफरचंद हातात धरून त्यांना दे. फुस्स असा आवाज येईल, अंगातून भोवरे निघतील, ते थरथरायला लागतील. घाबरू नकोस, ती बरं होण्याचीच खूण. तीन ते पाच मिनिटं लागतात. खोलीत एक बेड आणि लोखंडाच्या जाळ्या लावल्यास तर थोडं लवकर होतं. तेवढा वेळ तिथेच थांब, आजीलाही शेजारी बसव.

आजी, त्याच्या आईला माझा निरोप द्या. दुसरा घे असं आपण घरातल्या मांजरीबद्दलही म्हणत नाही. पोरानं ज्याला नाव दिलं त्याला सांभाळायची सवय आत्ताच लागू द्या.

अक्का, मी उदगीरला सहावीत आहे. सकाळी खेळ उघडला तर अख्खं गाव रिकामं! फक्त एक शेतकरी उरला, तो तळघरात होता. मी ईझी मोडवर खेळतो. झोंबी झालेलेही कुणी दिसत नाहीत. आता काय करू? गाव सोडून देऊ का?

सोडू नकोस. एक माणूस उरलाय म्हणजे गाव उरलंय.

आधी हिशोब समजून घे. ईझीवर झोंबीनं मारलेला व्हिलेजर मरतोच, झोंबी होत नाही. नॉर्मलवर निम्मे झोंबी होतात, हार्डवर सगळेच. म्हणून तुला कुणी हिंडताना दिसत नाही. ते परत येणार नाहीत, हे तुला स्पष्ट सांगते. खोटी आशा लावणार नाही.

पण शेतकऱ्याला जोडीदार आणता येतो. रात्री बाहेर पडणाऱ्या शंभर झोंबींत साधारण पाच झोंबी व्हिलेजर असतात. असा एक पकडून आण आणि वरच्या पत्रात सांगितलंय तसा बरा कर. मग दोघांसाठी तीन बेड मांड. तिसरा बेड पोराचा, आणि त्याच्यावर दोन ब्लॉक जागा मोकळी ठेव, पोरं बेडवर उड्या मारतात. दोघांना प्रत्येकी तीन पाव किंवा बारा गाजरं टाक. पोर होतं, वीस मिनिटांत मोठं होतं. पुन्हा बेड वाढव. सहा-सात दिवाळ्या लागणार नाहीत, एका रविवारात गाव हलायला लागेल.

मात्र आधी उजेड कर. तुझं गाव अंधारानं संपलं. 2021 च्या शेवटी आलेल्या खेळाच्या 1.18 या आवृत्तीपासून झोंबी उगवायला पूर्ण अंधार लागतो, म्हणजे प्रकाश अगदी शून्य. टॉर्चचा प्रकाश 14 असतो आणि प्रत्येक ब्लॉकला एकानं घटतो. सरळ रेषेत तो 13 ब्लॉकपर्यंत पोचतो, पण कोपऱ्याकडे तिरकं मोजलंस की आडवं आणि उभं दोन्ही धरावं लागतं, तिथे लवकर संपतो. म्हणून मी दर दहा पावलांना एक टॉर्च लावते. घराच्या मागची बोळ, छपरं, विहिरीभोवती, शेतातल्या कडेला. पोरं रस्ता उजळतात आणि मागची बोळ विसरतात.

त्यानंतर कुंपण, त्यानंतर गोलेम. गोलेमला लोखंडाचे 4 ब्लॉक लागतात, म्हणजे 36 विटा, आणि कोरलेला भोपळा सगळ्यात शेवटी ठेवायचा. त्याच्या अंगावर भेगा दिसल्या की लोखंडाची वीट हातात धरून त्याला दुरुस्त कर. पण हा क्रम उलटा करू नकोस. अंधारात उभा केलेला एक गोलेम सगळ्या दारांशी पोचत नाही.

तांबं मिळालं तर तीन विटांचा लाइटनिंग रॉड करून उंचावर लाव. वीज जवळ पडली की व्हिलेजरची चेटकीण होते, आणि तिला परत माणूस करायचा उपाय या खेळात नाही.

अक्का, मी सेलूची, नववीत. माझं गाव डोंगराच्या कपारीत आहे, कितीही टॉर्च लावा, रोज कुणीतरी जातंच. नदीपलीकडे मी तटबंदी बांधलीय. सगळ्यांना तिकडे नेऊ का? मागच्या वेळी दोघांना नेलं तर ते नुसते भिंतीला धडकत फिरत राहिले.

ने. पण त्यांच्या आधी त्यांचं सामान ने.

माझं माहेर औसा तालुक्यातलं. 30 सप्टेंबर 1993 च्या पहाटे भूकंप झाला तेव्हा मी नऊ वर्षांची होते. आदल्या रात्री गणपती बुडवून माणसं दमून झोपली होती. दगडमातीच्या जाड भिंती आणि वरचं माळवद झोपेतच अंगावर आलं. पुढे आमचं गाव नव्या जागी बसलं. रस्ते सरळ, घरं पक्की, कुणालाही ती भिंत अंगावर पडायची भीती नाही. तरी माझी आजी कितीतरी महिने सकाळी उठून जुन्या आडाकडे चालत जायची. नव्या गावात नळ होता, पण सकाळी कुठे जायचं हे तिला कळत नव्हतं. शेजारणी कुठल्या कुठे गेल्या होत्या.

तुझे दोघे भिंतीला धडकत होते ते मला म्हणूनच लगेच कळलं. व्हिलेजरला तीन जागा लागतात: झोपायला बेड, कामाची जागा आणि जमायला घंटा. लायब्रेरियनला, म्हणजे पुस्तकवाल्याला, लेक्टर्न (पुस्तक ठेवायची घोडी), शेतकऱ्याला कंपोस्टर (खताचं पिंप), लोहाराला त्याची भट्टी. ज्याच्याशी तू एकदा देवघेव केलीस त्याचा धंदा बदलत नाही, पण कामाची जागा नसेल तर त्याचा माल पुन्हा भरत नाही. दुकान उघडं, फळी रिकामी.

तेव्हा तटबंदीत आधी माणशी एक बेड मांड, प्रत्येकाची कामाची जागा ठेव, आणि जुन्या गावातली घंटा कुदळीनं काढून मधल्या चौकात लाव. धोका आला की तीच वाजवायची, ते घरात पळतात. मग एकेकाला होडीत घे. मध्ये नदी आहे हे तुझं भाग्य. जमिनीवर होडी फार हळू सरकते, तिथे रूळ आणि माइनकार्ट बरा. पलीकडे पोचलीस की होडी फोड, तो उतरेल. उजेडाची साधारण दहा मिनिटं मिळतात, त्यात जमतील तेवढेच ने. संध्याकाळ झाली की नदीच्या मध्यावर कुणालाही ठेवू नकोस. आणि जो पलीकडे पोचला त्याचा जुना बेड लगेच काढून टाक.

अक्का, नांदेडहून. दादा म्हणतो, लायब्रेरियनला मुद्दाम झोंबीकडून चाववायचं आणि बरं करायचं, परत चाववायचं, परत बरं करायचं, म्हणजे हत्यारं दुरुस्त ठेवणारं मेंडिंगचं पुस्तक एका एमराल्डला (खेळातल्या पाचूच्या नाण्याला) मिळतं. करू का?

दादानं जुन्या वेळचं सांगितलंय. 2023 च्या 1.20.2 या आवृत्तीपासून ती मोठी सवलत पहिल्याच खेपेला मिळते, पुढे कितीदाही बरं केलं तरी वाढत नाही. दुसऱ्यांदा चाववलंस तर हाती काही लागणार नाही, आणि नॉर्मलवर खेळत असशील तर निम्म्या वेळा तो जागीच मरेल.

पण मला विचारलंस म्हणून सांगते, सवलत वाढत होती तेव्हाही आमच्या ओसरीत हे चालत नव्हतं. मेंडिंग हवं असेल तर बिनधंद्याच्या व्हिलेजरसमोर लेक्टर्न ठेव आणि तो काय विकायला काढतो ते बघ. हवं ते नसेल तर देवघेव करायच्या आधीच लेक्टर्न काढ आणि पुन्हा ठेव, तो दुसरं पुस्तक काढेल. पुष्कळ वेळा करावं लागेल. आमच्याकडच्या एका पोरीला एकेचाळिसाव्या वेळी मिळालं. तिनं त्या व्हिलेजरला सगळ्यात आतल्या खोलीत घर दिलं आणि दाराशी दोन टॉर्च लावले.