पाली, सरडे, घोरपडी : वाचकांचे प्रश्न आणि उत्तरं

प्रश्न : उंदरासाठी चिकट पॅड लावला होता. सकाळी त्यावर पाल अडकलेली दिसली. जिवंत आहे. ओढून काढली तर चालेल का?

उत्तर : ओढू नका. पोटाची कातडी सोलून निघते, बोटं मोडतात आणि शेपूट तर तुटतेच. आधी पॅडचा मोकळा चिकट भाग कागदाने किंवा पिठाने झाकून टाका, नाहीतर सोडवलेला पाय पुन्हा तिथेच बसतो. मग खाण्याचं कुठलंही तेल कापसाच्या काडीने एकेका पायाच्या कडेला चार-पाच थेंब सोडा आणि पाच-दहा मिनिटं थांबा. इथेच बहुतेकांची घाई होते. तेल गोंदाखाली शिरायला वेळ लागतो. नंतर काडी आडवी धरून पोट आणि पॅड यांच्यामधून हळूहळू सरकवा. आधी पोट, मग पाय, त्यानंतर बोटं आणि सगळ्यात शेवटी शेपूट. नाकातोंडाला तेल लागू देऊ नका. रॉकेल, पेट्रोल, टर्पेंटाइन यांनी गोंद पटकन सुटतो, पण पालही मरते.

सुटली म्हणजे काम संपलं असं नाही. पालीच्या बोटांखाली आडव्या घड्या असतात आणि त्यांवर डोळ्यांना न दिसणारे असंख्य बारीक केस. त्यांच्या जोरावर ती भिंतीला धरून राहते. तेलाने किंवा गोंदाने ते माखले की पकड जाते. म्हणून कोमट पाण्यात सौम्य साबणाचा एक थेंब टाकून त्या पाण्याने बोटं अलगद पुसा, मग साध्या पाण्याने. भोकं पाडलेल्या खोक्यात टिश्यूपेपर अंथरून तिला काही तास सावलीत ठेवा आणि संध्याकाळी त्याच घराच्या खडबडीत भिंतीवर सोडा, काचेवर किंवा फरशीवर नको. पुढची कात टाकली की बोटांवर नवे केस येतात. 'लांब जंगलात सोडून आलो' असं अभिमानाने सांगणारे भेटतात. घरात वाढलेल्या पालीला तिथल्या लपायच्या जागा ठाऊक नसतात, त्यामुळे तो उपकार ठरत नाही. आणि उंदरांसाठी पिंजरा लावा. चिकट पॅडवर पाल, सापसुरळी, चिमणीचं पिल्लू, जे येईल ते अडकतं.

प्रश्न : भाजीत पाल पडली तर विषबाधा होते, ती पालीच्या विषानेच ना?

उत्तर : नाही. घरात दिसणाऱ्या एकाही पालीला विष नाही. बाधा होते ती जंतूंमुळे. सरपटणाऱ्या प्राण्यांच्या आतड्यात साल्मोनेला असतो आणि विष्ठेतून तो अन्नात उतरतो. खळखळून उकळल्यावर तो मरतो, पण उकळल्यानंतर गार होत ठेवलेल्या दुधात किंवा भाजीत पाल पडली तर तो तिथे वाढतच राहतो. असं अन्न टाकून द्या. भांडी झाकून ठेवा, ओट्यावर विष्ठा दिसली की साबणाने पुसा. सापसुरळीबद्दलही हेच : विष नाही, दंश नाही. चकचकीत अंग आणि आखूड पाय यांमुळे ती साप समजून मारली जाते, एवढाच तिचा गुन्हा.

प्रश्न : आमच्या गावाजवळच्या पठारावर उन्हाळ्यात गळ्याखाली निळा-काळा-केशरी पंखा फुलवणारे सरडे दिसतात. आता तिथे ग्रामपंचायत वृक्षारोपण करणार आहे. झाडं वाढली तर सरड्यांना फायदाच होईल ना?

उत्तर : या सरड्यांना नाही होणार. झाडांवर राहतो तो बागेतला नेहमीचा सरडा. पंखा फुलवणारे सरडे उघड्या जमिनीवर राहतात. मार्च ते जूनच्या सुमारास नर एखाद्या उंच दगडावर चढून पंखा उघड-बंद करतो. तो मादीला आणि शेजारच्या नराला दुरून दिसला पाहिजे. मध्ये गिरीपुष्पासारख्या झाडांच्या रांगा उभ्या राहिल्या की दिसणं बंद, जमीन सावलीत जाऊन थंड, आणि ऊन खाऊन अंग तापवणाऱ्या प्राण्याचा दिवस वाया. खड्डे खणताना मातीतली अंडी फुटतात ते वेगळंच.

तुम्ही लिहिलेले रंग पाहता हा साताऱ्याच्या चाळकेवाडी पठारावर सापडणाऱ्या 'सारडा सुपर्बा'च्या गटातला असावा. हा गट २०१६ साली वेगळा ओळखला गेला. त्याआधी हे सगळे 'सिटाना' या एकाच नावाखाली मोडत. याच चाळकेवाडीच्या पवनचक्क्यांवरचा एक अभ्यास २०१८ मध्ये प्रसिद्ध झाला. पवनचक्क्या असलेल्या भागात शिकारी पक्षी जवळपास चौपट कमी आढळले आणि सरड्यांची संख्या वाढलेली दिसली. वरवर बरं वाटतं. पण तिथले सरडे अंगाने बारीक होते, रंग फिके होते आणि धोक्याला त्यांचा प्रतिसाद मंद होता. 'सरडे तर खूप दिसतात, मग अडचण काय?' असं कोणी म्हणालं तर हे सांगा.

कोकणातल्या जांभ्याच्या सड्यांची, म्हणजे उघड्या कातळपठारांची, गत याहून वाईट. रत्नागिरी-सिंधुदुर्गात तिथल्या सुट्या दगडांखाली पांढऱ्या पट्ट्यांची एक छोटी पाल राहते, 'हेमिडॅक्टिलस अल्बोफॅसिएटस'. १९६३ मध्ये तिचं वर्णन झालं. भिंतीवर चढणारी ही नव्हे, ही जमिनीवरची. चिरेखाण निघाली किंवा सुरुंग लावून कातळ फोडून आंबा-काजूची बाग केली की दगडासकट तीही जाते. सरकारी कागदावर हीच जमीन 'पडीक' असते, त्यामुळे विचारायला कोणी येत नाही.

ग्रामसभेत मांडता येण्याजोगं : रोपं पठारावर न लावता गावठाणाच्या कडेला, ओढ्याकाठी आणि रस्त्याच्या बाजूने लावावीत. पठारावरचे सुटे दगड गडग्यासाठी किंवा बांधासाठी उचलू नयेत. वणवा रोखायला उन्हाळ्यापूर्वी कडेने जाळरेषा काढावी, अख्खं पठार 'स्वच्छ' करायला पेटवू नये. चराई पूर्ण बंद करायची गरज नाही, उलट थोड्या चराईने गवत आखूड राहतं. जैवविविधता कायद्याखाली प्रत्येक ग्रामपंचायतीत जैवविविधता व्यवस्थापन समिती असायला हवी. तिच्या लोकजैवविविधता नोंदवहीत या सरड्यांची नोंद करून घ्या. नोंद असली की 'पडीक' या शब्दाला उत्तर देता येतं.

प्रश्न : खुराड्यातली अंडी घोरपड नेते. पकडून दूर सोडली तर कायद्यात बसतं का?

उत्तर : बसत नाही. घोरपड वन्यजीव संरक्षण कायद्याच्या पहिल्या अनुसूचीत, म्हणजे सर्वांत कडक संरक्षणाच्या यादीत, आहे. पकडणं, सापळा लावणं हेही कायद्याच्या भाषेत 'शिकार'च, तिची अंडी नष्ट करणं हेसुद्धा. शिक्षा किमान ३ वर्षं, जास्तीत जास्त ७ वर्षं आणि किमान २५,००० रुपये दंड. खुराड्याला खालून फूटभर उंचीपर्यंत बारीक, जाड तारेची जाळी मारा आणि ती जमिनीत वीतभर गाडा, कारण घोरपड उकरते. अंडी संध्याकाळी उचला. घोरपड आत सापडलीच तर दार उघडून लांब व्हा. कोंडीत धरलेली घोरपड शेपटीने फटकारते आणि चावली तर सोडत नाही. बाहेर जात नसेल तर वनविभागाच्या १९२६ या क्रमांकावर कळवा.

याच प्रश्नासोबत एका वाचकाने 'हाथाजोडी' खरी कशी ओळखायची असं विचारलं आहे. झाडाचं मूळ म्हणून पूजेसाठी विकली जाणारी ही वस्तू बहुतेक वेळा नर घोरपडीचं वाळवलेलं जननेंद्रिय असते. खरी-खोटी पारखत बसू नका. घरात ठेवणंही गुन्हा आहे. यशवंतीची कथा सांगत वाढलेल्या मुलखात घोरपडीचं मटण, तेल आणि ही 'मुळी' गुपचूप विकली जाते, याला काय म्हणावं!

प्रश्न : कुंडीतली माती बदलताना पांढरी अंडी निघाली. ती साप-विंचवाची तर नाहीत?

उत्तर : विंचू अंडी घालत नाही, पिल्लांना जन्म देतो. दोनच, गोल, कडक कवचाची, वाटाण्याएवढी असतील तर पालीची. दहा-वीस, लांबट, मऊ चिवट कवचाची असतील तर बागेतल्या सरड्याची असण्याची शक्यता मोठी. त्याची मादी पावसाळ्यात झाडावरून उतरून मऊ मातीत खड्डा करते, अंडी घालते आणि माती थोपटून निघून जाते. सापाची अंडीही मऊ कवचाची असतात, पण सहसा आकाराने बरीच मोठी. शंका असेल तर हात न लावता माती परत लोटा.

हलवणं भागच असेल तर एक गोष्ट पाळा : अंडं फिरवू नका. आतला गर्भ कवचाच्या एका बाजूला चिकटलेला असतो, अंडं उलटलं की तो गुदमरतो. म्हणून उचलण्याआधी वरच्या बाजूला पेन्सिलने ठिपका काढा आणि ठिपका वरच राहील असं त्याच खोलीवर दुसऱ्या कुंडीत ठेवा. माती दमट हवी, चिखल नको. पाणी साचलं तर अंडी कुजतात, सुकली तर चेमटतात. साधारण दीड-दोन महिने कळ काढा. भिंतीला चिकटलेली पालीची अंडी खरवडू नका, फुटतातच.

प्रश्न : किल्ल्यावर वेगळीच पाल दिसली. जात ओळखण्यासाठी फोटो कसा काढावा?

उत्तर : पाठीचा एकच फोटो काढून पाठवतात, त्यावरून फारसं कळत नाही. डोळा जवळून घ्या : बाहुली गोल असेल आणि पाल दिवसा फिरत असेल तर ती बहुधा 'नेमास्पिस' गटातली. सह्याद्रीत यांच्या अनेक जाती आहेत, काही तर एखाद्या डोंगररांगेपुरत्याच. बाहुली उभी चीर असेल तर 'हेमिडॅक्टिलस', म्हणजे घरातल्या पालींच्या गटातली, असू शकते. शिवाय पूर्ण कुशीचा, पाठीवरच्या खवल्यांचा आणि शेपटीच्या बुडाचा फोटो हवा. काचेवर किंवा छतावर असेल तर खालून बोटांच्या घड्याही टिपा. मापासाठी शेजारी नाणं ठेवा. तारीख, वेळ, उंची आणि ती कशावर होती (कातळ, बुंधा, पायऱ्यांची फट) ते लिहा. हातात धरू नका, शेपूट टाकते. नवी येते, पण तिच्यात मणके नसतात, नुसती कूर्चेची दांडी. जुन्या शेपटीत साठवलेली चरबी गेली ती गेलीच.

दगड उलटून पाहिला असेल तर होता तसा, त्याच खाचेत परत बसवा. आधी प्राण्याला बाजूला होऊ द्या, मग दगड ठेवा, नाहीतर तोच चिरडतो. फोटो आय-नॅचरलिस्ट या निसर्गनोंदींच्या संकेतस्थळावर टाकताना ठिकाण अस्पष्ट ठेवण्याचा पर्याय निवडा आणि फोटोतली जीपीएस नोंद समाजमाध्यमांवर जाऊ देऊ नका. दुर्मीळ पालींना गिऱ्हाईक असतं.